ताउनोची हरणं

माझ्या धाकट्या दिराचं, ताउनोचं, मेपलचं जंगल बघायला लांबून लांबून माणसं यायची. वनशास्त्र शिकणारी मुलं बस भरून यायची आणि वह्या उघडून त्याच्यापुढे उभी राहायची. ताउनो टोपी मागे सरकवून म्हणायचा, "खराब असेल ते आधी काढायचं. चांगलं राहू द्यायचं. आणि घाई करायची नाही." एवढं बोलून तो घराकडे वळायचा. मुलांना वाटायचं, भाषण आता सुरू होईल. ते झालेलं असायचं.

त्याच्या वाटणीचं बाकीचं बोलणं त्याची बायको साइमी बोलायची.

आमच्या सासऱ्यांनी ती जमीन घेतली तेव्हा दलदलीची कड सोडली तर तिच्यावर जंगल म्हणावं असं काही उरलंच नव्हतं. लाकूड कंपनीने विकण्याजोगं होतं ते सगळं नेलं होतं. मागे राहिले होते ते पोकळ, वाकडे, दुभंगलेले मेपल आणि फांद्यांचे ढीग. सासरे तांब्याच्या खाणीला कंटाळलेले, त्यांना बटाटे लावायचे होते. बटाट्यांपेक्षा दगडच जास्त निघाले. ते गेल्यावर वाटणी झाली. रस्त्याच्या अलीकडची जमीन माझ्या नवऱ्याला, विल्होला, आणि पलीकडची, थेट दलदलीपर्यंतची, ताउनोला.

ताउनो नुकताच कोरियाच्या लढाईतून परतला होता. चार माणसांत बसायला त्याला नको वाटायचं. त्या सुमाराला ब्रॅनिगन नावाचा एक फिरता फॉरेस्टर आमच्या सालोला गावात यायचा आणि जमीनवाल्यांना जंगल कसं सुधारायचं ते सांगायचा. बाकीच्यांनी त्याला कॉफी पाजून वाटेला लावलं. ताउनो त्याच्या मागे मागे फिरला, आणि ब्रॅनिगनने सांगितलं ते त्याने जन्मभर केलं. दहाबारा वर्षांनी एकदा सगळं रान पायाखाली घालायचं. जे झाड पोकळ आहे, जे चांगल्या झाडाचं ऊन अडवतंय, त्याला रंगाचा पट्टा मारायचा आणि हिवाळ्यात ते पाडायचं. सरळ, निरोगी झाडाला हात लावायचा नाही. त्याच्या बिया खाली पडतात, रोपं सावलीत वर्षानुवर्षं थांबून राहतात आणि वर जागा झाली की उठतात. माणसाने लावायचं काहीच नसतं.

"आणि दलदलीच्या कडेचं ते काळं रान?" ताउनोने विचारलं होतं. तिथे कंपनीने सोडून दिलेले म्हातारे हेमलॉक होते. बारा महिने हिरवे आणि इतके दाट की खाली भरदुपारी अंधार.

"हेमलॉकला कोण विचारतंय?" ब्रॅनिगन म्हणाला. "काढून टाक. तिथेही मेपल येऊ दे."

ताउनोने दोन हिवाळ्यांत ते काढून टाकले.

माझ्या विल्होचं सगळं याच्या उलट. त्याने एकाच हिवाळ्यात अलीकडे कंपनीनंतर वाढलेले सगळे सरळ, जाडजूड मेपल विकले आणि बोट घेतली. त्यावरून दोघा भावांचं भांडण जे सुरू झालं ते कधी संपलंच नाही. खरं सांगायचं तर दोघांनाही ते आवडायचं.

"अरे, तू झाडं वाढवतोयस की म्हाताऱ्या आत्या सांभाळतोयस?" विल्हो म्हणायचा.

"तुझी बोट कशी आहे?" ताउनो विचारायचा.

"बोटीला काय झालंय?"

"काही नाही. पाणी हल्ली बाहेर असतं की आत, एवढंच विचारलं."

पण विल्होलाही ठाऊक होतं. आमच्या बाजूला वाकड्यांचीच वाकडी पोरं वाढत होती, आणि पलीकडे, ताउनोच्या रानात शिरलं की माणूस आपोआप हळू बोलायला लागायचा.

ताउनो आणि साइमीची एकुलती एक मुलगी हेल्मी. बापासारखीच कमी बोलायची, पण बापासारखी शांत नव्हती. तिने वनशास्त्र शिकायचं ठरवलं तेव्हा ताउनोने नुसती मान हलवली, आणि मग संध्याकाळी आमच्याकडे येऊन विल्होला ती बातमी तीन वेळा सांगितली. शिकून ती विस्कॉन्सिनात नोकरीला लागली.

साइमी गेली ती एका ऑक्टोबरात, वेलदोड्याच्या पावाची कणीक मळता मळता. मी धावत रस्ता ओलांडून गेले तेव्हा ताउनो जमिनीवर बसून तिच्या बोटांमधलं पीठ पुसत होता. डॉक्टरांची गाडी आली तरी तो पुसतच होता. "होतंय," म्हणाला, "एवढं पुसून होतंय."

त्या हिवाळ्यात मागच्या पायाने लंगडणारी एक हरणी त्याच्या अंगणात आली. तळघरात साइमीने ठेवलेली सफरचंदं सुरकुतत चालली होती, खाणारं कुणी नव्हतं. ताउनोने त्यातली थोडी बर्फावर टाकली. दुसऱ्या दिवशी ती पाडसाला घेऊन आली.

पुढच्या हिवाळ्यात दहाबारा आली, त्याच्या पुढच्या हिवाळ्यात मोजायचा कंटाळा यावा इतकी. सफरचंदं संपली, मग गाजरं, मग मक्याची पोती यायला लागली. दुपार कलली की हरणं झाडांतून एका रांगेत बाहेर पडायची, आणि ताउनो स्वयंपाकघराच्या खिडकीत कॉफी घेऊन बसायचा. त्याने त्यांना नावं ठेवली होती. उंच मानेची ती पाद्रीणबाई. सारखी मागे वळून बघणारी ती पोस्टातली हिल्या. आणि एक दांडगी हरणी होती, ती पुढच्या पायांनी सगळ्यांना लाथाडून मक्यावर ठाण मांडायची.

"हिचं नाव काय?" मी विचारलं.

तो कॉफी ढवळत राहिला. विल्होला हसू आवरेना. "सांग की! घाबरतोस काय? तिचं नाव लेम्पी."

लेम्पी म्हणजे मी.

"राग मानू नका, वहिनी," ताउनो म्हणाला. "सगळ्यांत धडधाकट तीच आहे."

आणि तो हसला. साइमी गेल्यानंतर मी त्याला हसताना तेव्हा पहिल्यांदा बघितलं. त्यामुळे मक्याच्या पोत्यांबद्दल मी कधी काही बोलले नाही. गावातही कुणी बोललं नाही. एकट्या माणसाला विरंगुळा आहे, असंच सगळे म्हणायचे.

हेल्मी वर्षातून दोनदा यायची, नाताळात आणि जूनमध्ये. नाताळात जंगलात बर्फ असतं, खाली काय आहे ते दिसत नाही. जूनमध्ये ती बापाजवळ घरातच बसायची. पण एका जूनमध्ये मात्र ती एकटीच पलीकडे फिरून आली, बूट दारात काढले, आणि मी पुढे केलेल्या कॉफीला नको म्हणाली. आमच्याकडे कॉफीला नको म्हटलं की एकतर माणूस आजारी असतं, नाहीतर भांडण येणार असतं.

"बाबा, रानात शेवटचा कधी गेला होतास?"

"परवाच गेलो होतो."

"वर बघत चालतोस तू. खाली बघितलंस का?"

"काय आहे खाली?"

"तेच ना, काही नाही! गुडघ्याएवढं एक रोप दाखव मला. नेचे आहेत, लव्हाळं आहे, बाकी सगळी भुई साफ. जे उगवतं ते हरणं खातात."

"मेपल थांबतो, पोरी. कॉलेजात शिकवलं नाही तुला?"

"थांबायला आधी उरायला तर पाहिजे!"

विल्होने तोंड उघडलं, तेवढ्यात मी टेबलाखालून त्याच्या पायावर पाय दिला.

"ही वरची झाडं एक दिवस जाणार," हेल्मी म्हणाली. "त्यांच्या मागे कुणी नाही. इतकी वर्षं तू आईबाप सांभाळलेस, बाबा, आणि पोरं हरणांना चारलीस."

बोलून गेली, आणि तिचं तिलाच वाईट वाटलं. ताउनो उठून खिडकीशी गेला. बाहेर काही नव्हतं, नुसतं ऊन.

"हिवाळ्यात ती येतात," तो म्हणाला. "दुसरं कोण येतं?"

हेल्मीने मान खाली घातली. पण ती हट्टी होती, आणि बापाचीच मुलगी होती. निघायच्या आधी तिने जंगलाच्या मधोमध, एका खोलीएवढ्या जागेभोवती, हरणाला उडी मारता येणार नाही इतकं उंच तारेचं कुंपण घातलं. ताउनोने खांब पुरायला मदत केली. कशासाठी, हे त्याने विचारलं नाही, आणि तिनेही सांगितलं नाही.

तीन उन्हाळे गेले. तिसऱ्या उन्हाळ्यात ती त्याला हाताला धरून तिथे घेऊन गेली. विल्हो आणि मीही मागोमाग गेलो. कुंपणाच्या आत मेपलची रोपं इतकी दाट झाली होती की भुई दिसत नव्हती. मांडीपर्यंत आली होती काही. मध्ये बर्चची रोपंसुद्धा होती. बर्च त्या रानात नव्याने उगवलेला मी कित्येक वर्षांत बघितला नव्हता. आणि कुंपणाच्या बाहेर, तारेला लागून, झाडून काढल्यासारखं.

ताउनोने तारेतून दोन बोटं आत घालून एक पान धरलं. बराच वेळ धरून ठेवलं.

"हे सगळं माझ्या मक्याने?" त्याने विचारलं.

"तुझ्या मक्यावर जी जगली, त्यांनी," हेल्मी म्हणाली. या वेळी तिचा आवाज मऊ होता.

विल्होची जीभ शिवशिवत असणार, मला माहीत होतं. चाळीस वर्षं ज्या रानापुढे त्याला मान खाली घालावी लागली, ते रान हे असं. पण परत येताना तो ताउनोच्या शेजारून चालत होता, आणि मधेच त्याने त्याच्या कोटावरचं एक वाळकं पान काढून टाकलं.

हेल्मी गेली त्या दिवशी, गाडीत बसता बसता तिने काच खाली केली.

"बाबा, या हिवाळ्यात घालू नकोस काही. शिकाऱ्यांना येऊ दे रानात. उरतील ती जातील आपली आपली."

"कुठे जातील?"

"जंगलात. हरणं आहेत ती, बाबा."

ताउनोने मान हलवली. त्याने एकदा मान हलवली की ते पक्कं असायचं.

नोव्हेंबरात त्याने शिकाऱ्यांना येऊ दिलं. विल्होचे दोनतीन मित्र आले, त्यांनी थोडी मारली. आणि मग बर्फ आलं. आमच्याजवळच्या मोठ्या सरोवरावरून दर हिवाळ्यात येतं तसं नव्हतं हे. एकावर एक वादळं आली, आणि नाताळ संपायच्या आत खिडक्यांच्या कडेपर्यंत ढीग लागले. रस्ते बंद झाले. हेल्मीला त्या नाताळात येताच आलं नाही. रविवारी फोन मात्र करायची.

हरणं आली. कुठे जायचं ते त्यांना माहीत होतं, तशी ती आली. छातीपर्यंत बर्फातून वाट काढत अंगणात येऊन उभी राहिली. ताउनोने पडदा ओढून घेतला.

दुसऱ्या दिवशी आली, तिसऱ्या दिवशी आली. नुसती उभी राहायची, खिडकीकडे तोंड करून. ताउनो दुपार झाली की रस्ता ओलांडून आमच्याकडे पत्ते खेळायला यायला लागला. त्याला पत्ते आवडत नसत.

"वहिनी, तिथे बसवत नाही," एकदा पत्ते पिसता पिसता म्हणाला. "साइमीच्या सफरचंदाच्या झाडाची साल खाल्ली त्यांनी. वरपर्यंत सोलून काढलंय. काल पाद्रीणबाई माझ्या ट्रकचं चाक चाटत होती, मिठासाठी."

"मग टाक की थोडं," विल्हो म्हणाला. "पोरीला काय कळणार आहे?"

"पोरीचं काय घेऊन बसलास? ती बरोबर बोलली."

पुढच्या रविवारी हेल्मीचा फोन आला तेव्हा मी त्याच्याच स्वयंपाकघरात होते, मांस-बटाटा भरलेली पास्टी घेऊन गेले होते. तिचा आवाज मला ऐकू येत होता. तिने विचारलं, "हरणं गेली का, बाबा?" पडद्याच्या फटीतून हरणं समोर दिसत होती. दोन बसली होती. बर्फात दिवसाढवळ्या हरीण बसलं की ते उठेलच असं नसतं.

"जातायत," ताउनो म्हणाला.

फेब्रुवारी संपत आला तेव्हा त्याचं अवसान गेलं. सकाळी रस्ता मोकळा झाल्याबरोबर ट्रक काढून तो शहरात गेला आणि मक्याची पोती घेऊन आला. आम्ही अलीकडून बघत होतो. त्याने एकामागून एक सगळी पोती अंगणात रिकामी केली, पिवळा ढीगच्या ढीग. आणि हरणं, जी हलायला तयार नव्हती, ती उठली. धडपडत आली. ताउनो त्यांच्या मधोमध उभा होता, आणि ती त्याला घाबरली नाहीत. त्याने आमच्या घराकडे बघून हात वर केला. त्याला इतका आनंद झाला होता की मीही काचेतून हात हलवला.

दुसऱ्या दिवशी ती मरायला लागली.

पोटं फुगून, पाय ताणून, मक्याच्या ढिगाशेजारीच. ताउनो आमच्या दारात आला, हातात टोपी. "विल्हो, ती खाऊन मरतायत," तो म्हणाला. "मला काही कळत नाही. खाऊन मरतायत."

विल्होने एक फाडून बघितलं. पोट मक्याने गच्च भरलेलं होतं. पुढे त्याला दुकानात कुणीतरी सांगितलं की आठवडेच्या आठवडे साली नि काटक्या खाऊन राहिलेल्या पोटाला एकदम दाणा पडला तर तो पचत नाही, आतल्या आत आंबतो आणि जीव घेतो. हे त्याने ताउनोला सांगितलं. नसतं सांगितलं तरी चाललं असतं, असं मी त्याला म्हटलं. "त्याने विचारलं," विल्हो म्हणाला. "समोर उभं राहून विचारलं. काय सांगू?"

जी पडून तडफडत होती, त्यांना ताउनोने बंदुकीने सोडवलं. शिकारीच्या मोसमात त्याने स्वतःच्या रानात कधी गोळी झाडली नव्हती. मग दोघे भाऊ त्यांना बर्फावरच्या घसरगाडीवर घालून जुन्या खडीच्या खाणीपर्यंत ओढत नेत राहिले. सत्तरीला टेकलेले दोघे म्हातारे. मी वाटेवर कॉफीचा थर्मास घेऊन उभी राहायचे. एका खेपेला ताउनो माझ्याजवळ थांबला.

"वहिनी," म्हणाला, "लेम्पीपण गेली."

मला क्षणभर हसू आलं. मग ते घसरगाडीवरचं ओझं मी बघितलं, आणि थर्मासचं झाकण माझ्याच्याने उघडेना.

रविवारी हेल्मीचा फोन आला. "गेली का हरणं?"

"हो," तो म्हणाला. "गेली."

"बघ! मी म्हटलं नव्हतं?"

"म्हटलं होतंस," ताउनो म्हणाला.

एप्रिलमध्ये ती आली. बर्फ वितळत होतं आणि खडीच्या खाणीवर कावळे होते. बापाने काही सांगितलं नव्हतं. तिला कळलं ते विल्होकडून, जेवता जेवता. त्याला वाटलं होतं तिला माहीत आहे. तिने काटा खाली ठेवला. तिचा चेहरा असा झाला की मी तिच्या खांद्याला धरलं. मग ती उठून तशीच रस्ता ओलांडून गेली, कोट न घालता. मी कोट घेऊन मागे धावले.

ताउनो अंगणात सफरचंदाच्या झाडापाशी होता. सोललेल्या खोडाला डांबर लावत होता. झाड जगणार नव्हतं, ते त्यालाही दिसत होतं.

"मला का नाही सांगितलंस?" हेल्मी म्हणाली.

"काय सांगायचं?"

"माझ्यावर ओरडायचंस तरी. मी सांगितलं म्हणून केलंस ना हे?"

ताउनोने ब्रश डब्यात ठेवला. "तू सांगितलंस ते बरोबर होतं," तो म्हणाला. "मी थांबवलं तेही बरोबर. मग आता ओरडायचं कुणावर? चल, तुला दाखवतो."

त्याने आम्हाला रान ओलांडून दलदलीच्या कडेला नेलं. ओल्या बर्फात माझे बूट भरले, पण मी गेले. तिथे सगळीकडे बारीक मेपल होते, पानांविना, आणि त्यांच्यामध्ये मोठमोठे, शेवाळलेले बुंधे. टेबलाएवढे रुंद.

"हेमलॉक," हेल्मी म्हणाली.

"तू पाळण्यात होतीस तेव्हा काढले. ब्रॅनिगन म्हणाला, काढ. मीही विचार केला नाही." त्याने एका बुंध्यावर हात ठेवला. "हिवाळ्यात हरणं इथे असायची. सगळ्या मुलखातली. वर फांद्यांवर बर्फ अडकायचं, खाली पाऊल बुडेल एवढंसुद्धा नसायचं. वाराही लागायचा नाही. मी स्वतः बघितलंय, मुलगा असताना. तू म्हणालीस, जंगलात जातील. मी विचारलं होतं तुला, कुठे. पण तेव्हा मलाही आठवलं नाही. फेब्रुवारीत आठवलं."

हेल्मी त्या बुंध्यांकडे बघत राहिली. हे तिच्या लक्षात यायला हवं होतं. तेच तर ती शिकली होती. पण तिला कळायला लागल्यापासून तिथे मेपलच होते. तिच्या डोळ्यांसमोर ती दलदल कधी वेगळी नव्हतीच.

त्यानंतर ताउनो रानात जाईनासा झाला. सकाळी दारापर्यंत जायचा, बूट घालायचा, आणि तिथल्या बाकावर बसून राहायचा. मग बूट काढायचा. विद्यापीठाची बस आली तर विल्होला पुढे करायचा, आणि विल्हो मुलांना भलतंसलतं सांगायचा. हेल्मी विस्कॉन्सिनातली नोकरी सोडून आमच्या जिल्ह्यात आली, बापाच्याच घरी राहायला लागली. दोघं चांगली राहायची. भांडायची नाहीत. मला वाटतं, भांडली असती तर बरं झालं असतं.

पट्टा मारायचं वर्ष आलं तेव्हा ताउनोने रंगाचा डबा तिच्या हातात दिला. संध्याकाळी ती आमच्याकडे आली आणि बराच वेळ इकडचं तिकडचं बोलत बसली. मग म्हणाली, "काकू, मला बाबाची काही मोठी झाडं पाडावी लागणार आहेत. चांगली. सगळ्यांत चांगली."

"का गं?"

"वर मोठी भोकं पाडली नाहीत तर खाली ऊन यायचं नाही. नुसती सावलीतली मेपलची रोपं येतील. बर्च येणार नाही, दुसरं काहीच येणार नाही. आणि लव्हाळ्याने भुई इतकी धरलीय की ती उकरावी लागेल. त्याला कसं सांगू?"

सांगावं लागलंच नाही. ताउनोने यादी विचारली नाही, झाडं बघितली नाहीत. फक्त ज्या दिवशी पाडायला माणसं आली, त्या दिवशी तो आमच्याकडे येऊन बसला आणि विल्होला म्हणाला, "पत्ते काढ." पलीकडून यंत्राच्या करवतीचा आवाज यायचा, मग थांबायचा, मग जमीन हलायची. दर वेळी ताउनो हातातले पत्ते बघत राहायचा. विल्हो सगळे डाव मुद्दाम हरला. इतकं खराब खेळताना मी त्याला कधी बघितलं नव्हतं.

त्याच वसंतात ताउनोने हेमलॉकची रोपं मागवली. पेन्सिलीएवढी. दलदलीच्या कडेला, त्या बुंध्यांच्या मधे मधे, गुडघे टेकून त्याने ती लावली आणि प्रत्येकाभोवती तारेची जाळी बांधली. विल्हो बरोबर होता.

"यांच्याखाली हरीण उभं राहील तेव्हा तुझी हाडंसुद्धा उरलेली नसतील, कळतंय का?"

"कळतंय," ताउनो म्हणाला. "तार धर."

त्यातली बरीचशी मेली. काही सशांनी खाल्ली, काहींना पाणी जास्त झालं. त्याने पुढच्या वर्षी पुन्हा लावली. त्याच्या पुढच्या वर्षी त्याचे गुडघे चालेनात, तेव्हा खुर्चीवर बसून तो दाखवायचा आणि हेल्मी लावायची.

तो गेला ते सप्टेंबरात, दुपारी, सौनातून, वाफेच्या न्हाणीतून, बाहेर येऊन बाकावर अंग निववत बसला असताना. चर्चच्या तळघरात आम्ही कॉफी ठेवली, सगळा गाव आला. सगळे गेल्यावर आम्ही तिघंच आमच्या घरी येऊन टेबलाशी बसलो. मी पाव कापला. हेल्मीने दिवसभर काही खाल्लं नव्हतं.

"त्या हिवाळ्यात मी यायला हवं होतं," ती म्हणाली.

"रस्ते बंद होते," विल्हो म्हणाला. "आणि येऊन काय केलं असतंस? तूही त्याच्याबरोबर मकाच टाकला असतास. तशीच मेली असती ती."

"नाही, काका." तिने बशीतल्या पावाकडे बघितलं. "मला माहीत होतं. उपाशी हरणाला दाणा घालायचा नसतो हे मला माहीत होतं, शिकताना पहिल्याच वर्षी सांगतात. त्याने विचारलं असतं तर सांगितलं असतं. झाडांचे शेंडे तोडून टाकायला सांगितलं असतं. निदान काही जगली असती." ती थांबली. "तो म्हणाला, जातायत. त्याचा आवाज मला कळला होता. बापाचा आवाज कळत नाही का? पण मी म्हटलं, चला, गेली एकदाची, आणि दुसरंच काहीतरी बोलायला लागले. आपण बरोबर ठरलो याचा मला आनंद झाला होता, काकू."

विल्होला प्रत्येक गोष्टीवर काहीतरी बोलायचं असतं. त्या दिवशी मात्र त्याने पावाची बशी तिच्याकडे सरकवली. तिने एक तुकडा घेतला आणि नुसता हातात धरून बसली.

रान आता कसं आहे, असं लोक विचारतात. जिथे मोठी झाडं पाडली तिथे बर्च माणसापेक्षा उंच झालाय, दाट, हात घालायला जागा नाही. दुसऱ्या काही ठिकाणी अजून नुसतं लव्हाळं आहे, आणि हेल्मी म्हणते की तिथे काय होईल ते तिला सांगता येत नाही. ती आता सगळ्या जिल्ह्यात फिरते. हिवाळ्यात हरणांना खायला घालणारी एकटी माणसं आमच्याकडे पुष्कळ आहेत. त्यांच्याकडे गेली की ती आधी बराच वेळ खिडकीत त्यांच्याशेजारी बसते. काही ऐकतात, काही ऐकत नाहीत. जी ऐकतात, त्यांच्याकडे ती जानेवारीत जाते, आणि फेब्रुवारीत पुन्हा जाते, रस्ता असो नसो. गेल्या हिवाळ्यात एका खेपेला तिची गाडी खड्ड्यात गेली आणि दुसरं कुणी नव्हतं म्हणून विल्होच ट्रॅक्टर घेऊन निघाला, या वयात. दोघंही भिजून, गारठून परत आली. मी त्यांना स्टोव्हजवळ बसवलं.

"कशाला जातेस एवढी?" विल्हो ओरडला. "फोन करायचा ना!"

हेल्मी मोजे पिळत होती. "फोनवर बाबाही म्हणाला होता, जातायत," ती म्हणाली, आणि पुन्हा मोजे पिळायला लागली. मी कॉफी ओतली, आणि विल्हो म्हणाला, "बरं, बरं. पुढच्या वेळी मला आधी सांग. मी सोडीन."